‘हे दिवाणी आहे, कोर्टात जा’ म्हणून पोलिसांनी परत पाठवलं, तर पुढे काय?

प्रश्न थोडक्यात असा आहे. सांगली जिल्ह्यातल्या एका ताईंचा कांदा-लसूण मसाल्याचा घरगुती उद्योग आहे. सात-आठ बायका कामाला, माल कोल्हापूर, सांगली, पुण्यापर्यंत जातो. नाव ट्रेडमार्क म्हणून वर्ग ३० मध्ये, म्हणजे मसाल्यांच्या वर्गात, नोंदलेलं आहे. दिवाळीनंतर पुण्यातल्या नातेवाइकांनी त्यांच्याच नावाचं एक पाकीट आणून दिलं. पाकीट हुबेहूब, पण आतला मसाला त्यांचा नाही आणि त्यावरचा बॅच नंबर त्यांनी कधी काढलेलाच नाही. गावच्या ठाण्यात गेल्या तर ‘हे दिवाणी आहे, कोर्टात जा’ असं उत्तर मिळालं. त्या विचारतात, नकली माल रोखायला सरकार खरंच काही करतं, की हे कायदे मोठ्या कंपन्यांपुरतेच आहेत?

मी चोवीस वर्षं पुण्यात ट्रेडमार्क आणि कॉपीराइटची वकिली करतो. यातली बरीचशी वर्षं कोर्टापेक्षा गोदामांत, छापखान्यांत आणि पोलीस ठाण्यांच्या बाकांवर गेली. त्या अनुभवातून सांगतो.

ताई, ठाण्यात तुम्हाला जे सांगितलं ते चूक आहे. दुसऱ्याचं नाव लावून माल विकणं हा फौजदारी गुन्हा आहे. ट्रेडमार्क कायदा १९९९ च्या कलम १०३ आणि १०४ मध्ये त्याला कमीत कमी सहा महिने, जास्तीत जास्त तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड आहे. कलम ११५ म्हणतं की हा गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे पोलीस कोर्टाच्या हुकमाशिवाय गुन्हा नोंदवून तपास करू शकतात. दिवाणी दावा तुम्हाला करता येतोच, पण एक वाट आहे म्हणून दुसरी बंद होत नाही.

तरीही ठाण्यातून लोक परत का पाठवले जातात, त्याचं कारण त्याच कलमात आहे. ट्रेडमार्क कायद्याखाली वॉरंटशिवाय झडती घ्यायची आणि माल जप्त करायचा अधिकार उपअधीक्षक किंवा त्याच्या वरच्या दर्जाच्या अधिकाऱ्यालाच आहे. ग्रामीण भागात तो उपविभागीय पोलीस अधिकारी, पुण्या-मुंबईत सहायक पोलीस आयुक्त. शिवाय झडतीआधी त्याने ट्रेडमार्क रजिस्ट्रारचं मत घ्यायचं आणि त्या मताप्रमाणे वागायचं. म्हणजे ठाण्यातून पत्र मुंबईला अँटॉप हिलच्या कार्यालयात जाणार, तिथून उत्तर येणार आणि मग पथक निघणार. तोवर गोदाम तिथेच राहील याची कोणी खात्री देऊ शकत नाही. ठाणे अंमलदाराला हे सगळं माहीत असतं किंवा निदान ‘यात आपल्याला काही करता येत नाही’ एवढं तरी माहीत असतं. त्यातून ‘दिवाणी आहे’ हे उत्तर निघतं.

म्हणून आमच्या धंद्यात जाणती माणसं तक्रार लिहिताना कॉपीराइट कायदा पुढे ठेवतात. तुमच्या पाकिटावरचं चित्र, रंगसंगती, अक्षरांची मांडणी हे सगळं मिळून कायद्याच्या भाषेत एक कलाकृती आहे. ती जशीच्या तशी छापणं हा कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ६३ चा गुन्हा. शिक्षा तेवढीच, पण कलम ६४ प्रमाणे साधा उपनिरीक्षकसुद्धा वॉरंटशिवाय माल जप्त करू शकतो आणि रजिस्ट्रारचं मत लागत नाही. हा गुन्हा दखलपात्र आहे की नाही यावर उच्च न्यायालयांत बरीच वर्षं मतभेद होते. मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निट प्रो इंटरनॅशनलच्या प्रकरणात तो दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे असा निकाल दिला. त्या निकालाची प्रत तक्रारीला जोडून न्या. ठाण्यात वाद घालण्यापेक्षा ती प्रत टेबलावर ठेवणं जास्त उपयोगी पडतं, हे मी कितीदा तरी पाहिलं आहे.

मात्र इथे एक खाच आहे आणि घरगुती उद्योगवाले हमखास तिथे अडकतात. पाकिटाचं डिझाइन कोणी केलं? बहुतेक वेळा उत्तर येतं, ‘छापखान्याच्या ओळखीतल्या एका मुलाने करून दिलं, पाच हजार दिले.’ पैसे दिले म्हणजे हक्क आपला झाला असं आपण धरून चालतो. कायदा तसं धरत नाही. तो मुलगा तुमचा पगारी नोकर नसेल तर सहसा कॉपीराइट त्याचाच राहतो, जोवर तो लेखी हस्तांतर करत नाही. आज त्याला गाठा आणि एका पानाचा करार करून घ्या. त्यात मुदत लिहिली नाही तर कायदा ती पाचच वर्षांची धरतो, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत धरतो, म्हणून दोन्ही स्पष्ट लिहा. नंतर त्याच डिझाइनची कॉपीराइट नोंदणी करा, मालावर वापरायच्या कलाकृतीची फी २ हजार रुपये आहे. तिच्यासाठी ट्रेडमार्क कार्यालयाकडून शोध प्रमाणपत्र लागतं, त्यामुळे थोडा वेळ जातो. कॉपीराइट नोंदणीशिवायही असतो, पण पोलिसांना हातात धरायला कागद हवा असतो आणि त्यात त्यांचं चुकतं असं मला वाटत नाही.

आता मुख्य मुद्दा. पोलिसांना तुमचं पाकीट आणि नकली पाकीट यांतला फरक कळत नाही. कळायचं काही कारणही नाही. फरक तुम्ही दाखवायचा. दोन पाकिटं शेजारी ठेवून वरच्या कडेचे दाते मोजा, सीलची रुंदी मोजा, बॅच नंबर कोणत्या शाईने कुठे मारला आहे ते पाहा. मागच्या बाजूचं बारीक अक्षर भिंगातून वाचा. नकली मालाची चूक बहुधा तिथे सापडते. आणि कधी कधी चूक सापडतच नाही, तेव्हा त्याचा अर्थ आणखी गंभीर असतो.

असा एक प्रसंग मला विसरता येत नाही. माझे एक पक्षकार, पापड-मसाल्याचा धंदा करणारे गृहस्थ. सहा महिने माग काढून भिवंडीजवळच्या एका गाळ्यावर पथक गेलं. आत प्लास्टिकची टपं, लालभडक तिखट, पायाने दाबायची दोन सीलिंग यंत्रं आणि भिंतीला लावून ठेवलेले पाउचच्या फिल्मचे रोल. पंच रोल मोजत होते. माझ्या पक्षकारांनी एक रोल उचलला, ट्यूबलाइटखाली नेला आणि ते खालच्या पोत्यावर बसलेच. ब्रँडच्या नावातल्या ‘र’च्या शेपटीत केसाएवढी पांढरी रेघ होती. त्यांच्या पहिल्या वर्षीच्या पाकिटांवर तीच रेघ होती, पुढे छापखाना बदलला तेव्हा दुरुस्त झाली होती. म्हणजे नकली रोल त्यांच्याच जुन्या सिलिंडरवर छापले होते.

हे नीट समजून घ्या. तुमचं लॅमिनेटेड पाउच ग्रॅव्ह्युअरवर छापलं जातं. प्रत्येक रंगाला एक कोरीव सिलिंडर. सहा रंग, सहा सिलिंडर. त्याचे पैसे तुम्ही भरता, पण ते राहतात छापखान्यात, कारण घरी आणून करायचं काय? दर परवडला नाही, उधारीवरून वाजलं, आपण छापखाना बदलतो, नवे सिलिंडर करतो आणि जुने तिथेच पडून राहतात. नकली माल करणाऱ्याचा सगळ्यात मोठा खर्च आणि सगळ्यात मोठी अडचण सिलिंडरचीच असते. तो तयार मिळाला की त्याचं अर्धं काम झालं.

कायद्याने ही गोष्ट ओळखलेली आहे. खोटी खूण उमटवण्यासाठी साचा, ब्लॉक, प्लेट किंवा यंत्र नुसतं जवळ बाळगणं हाही कलम १०३ चा गुन्हा आहे. कॉपीराइट कायद्यात त्यासाठी कलम ६५ वेगळं आहे, दोन वर्षांपर्यंत कैद. तरी बहुतेक तक्रारींत छापखान्याचा उल्लेखच नसतो. तक्रार होते किराणा दुकानदाराविरुद्ध, कारण पाकीट तिथे दिसलं. वीस पाकिटं जप्त होतात, वर्तमानपत्रात दोन ओळी येतात आणि पुढच्या महिन्यात शेजारच्या पेठेत तोच माल. सरकारी कारवाईबद्दल माझी सगळ्यात मोठी तक्रार हीच आहे. ती शेवटच्या कडीला धरते, कारण तक्रारदाराने तेवढीच कडी दाखवलेली असते.

दुकानदाराचा उपयोग वेगळा आहे. कलम १०४ मध्ये त्याच्यासाठी एक दार ठेवलेलं आहे. माल कोणाकडून घेतला याची जवळ असलेली सगळी माहिती त्याने मागितल्यावर दिली, तर त्याला सुटता येतं. हे त्याला शांतपणे सांगा. आधी दोन-तीन दुकानांतून माल विकत घ्या, बिल मागा, बिल देत नसेल तर यूपीआयने पैसे द्या म्हणजे नाव-तारीख राहते. मग वकिलामार्फत लेखी विचारा की हा माल कोणी पुरवला. दहातले सहा-सात दुकानदार पुरवठादाराचं नाव सांगतात. ते बिचारे आठवड्याला टेम्पो येतो त्यातून माल उतरवून घेतात, त्यांचा काही कट नसतो. तिथून टेम्पो, टेम्पोवरून गोदाम आणि गोदामावरून छापखाना. याला दोन-तीन महिने लागतील. ते लागू द्या. मात्र ही विचारपूस सुरू केल्यावर रेंगाळू नका, कारण बातमी वर पोचायला एक फोन पुरतो.

मधल्या काळात एक गोष्ट तातडीने करा, त्याला महिना थांबू नका. नकली पाकिटावर तुमचाच १४ आकडी अन्न परवाना क्रमांक छापलेला असणार. उद्या अन्न निरीक्षकाने त्या दुकानातून नमुना उचलला आणि त्यात भेसळ किंवा रंग निघाला, तर नोटीस तुमच्या घरी येईल. म्हणून अन्न व औषध प्रशासनाच्या पुणे आणि सांगली दोन्ही कार्यालयांत लेखी कळवा की अमुक बॅच आमची नाही. पोच घ्या. यामुळे तुमचा बचाव होतोच, पण सरकारचा आणखी एक हात कामाला लागतो. अन्न सुरक्षा कायदा २००६ मध्ये दुसऱ्याच्या मालाची फसवी नक्कल ही ‘मिथ्याछाप’ ठरते आणि तिला ३ लाखांपर्यंत दंड आहे. माल खाण्यास असुरक्षित निघाला तर प्रकरण कैदेपर्यंत जातं. नमुना घ्यायला निरीक्षकाला ना ट्रेडमार्क रजिस्ट्रारचं मत लागतं, ना तुमच्या पाकिटाची कलाकृती समजावी लागते. मसाला, तेल, चहा, तूप अशा मालात ही वाट मला पोलिसांइतकीच, कधी जास्त, उपयोगी वाटते.

पोलिसांकडे परत जाताना तक्रार पुण्यातच द्या, जिथे माल सापडला. सहायक आयुक्तांच्या नावे प्रत ठेवा. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू आहे. तिच्या कलम १७३ प्रमाणे तीन ते सात वर्षांच्या टप्प्यातल्या गुन्ह्यांत पोलीस आधी चौदा दिवसांची प्राथमिक चौकशी करू शकतात. तेवढं म्हणाले तर मान्य करा. सरळ नकार दिला तर पोलीस अधीक्षक किंवा आयुक्तांना टपालाने तक्रार पाठवा आणि तिथेही हाललं नाही तर कलम १७५(३) खाली प्रतिज्ञापत्रासह न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जा. दखलपात्र गुन्हा उघड दिसत असेल तर नोंद करणं बंधनकारक आहे हे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ललिता कुमारी प्रकरणात सांगितलेलंच आहे.

आता छाप्यानंतरचं. इथे लोक निराश होतात, म्हणून आधीच सांगतो. अटक होईल अशी अपेक्षा धरू नका. सात वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यात सहसा नोटीस देऊन चौकशीला बोलावतात. महत्त्व पंचनाम्याला. आता झडती आणि जप्तीचं चित्रीकरण करणं कायद्याने बंधनकारक आहे, ते होतंय ना ते बघा. प्रत्येक वस्तू वेगळी मोजली जावी, प्रत्येक प्रकारचा नमुना पंचांच्या सह्यांच्या कागदासह लाखेने सील व्हावा. ‘मसाल्याची पाकिटं अंदाजे दोन पोती’ असं लिहिलेला पंचनामा चार वर्षांनी कोर्टात उभा राहत नाही. माझा एक खटला केवळ एवढ्यावर गेला की मालखान्यातलं सील उंदरांनी कुरतडलं होतं आणि आत काय होतं हे पंचाला आठवेना. तेव्हापासून मी छाप्याच्या दिवशीच नमुन्यांचे फोटो मोजपट्टी ठेवून काढायला लावतो.

खटला चालायला वर्षं जातात. म्हणून फौजदारी तक्रारीबरोबर जिल्ह्याच्या वाणिज्य न्यायालयात दिवाणी दावाही टाका. ट्रेडमार्क आणि कॉपीराइट दोन्ही कायद्यांत तुम्ही जिथे राहता किंवा धंदा करता तिथे दावा करायची सोय आहे. तुम्हाला सांगलीहून पुण्याला खेटे घालायचं कारण नाही. तातडीचा मनाई हुकूम मागितला तर दाव्याआधीच्या सक्तीच्या मध्यस्थीतूनही सूट मिळते. न्यायालय आपला माणूस (कोर्ट कमिशनर) नेमून गोदामातला माल आणि सिलिंडर ताब्यात घेऊ शकतं. आरोपी कोण हेच माहीत नसेल तर ‘अशोक कुमार’ या नावाने अज्ञात प्रतिवादीविरुद्ध हुकूम घ्यायची पद्धत आपल्याकडे रुळलेली आहे, ती मात्र मुख्यतः उच्च न्यायालयांत.

समोरचा तडजोडीला येईल. बहुतेक वेळा येतोच. पैसे देऊ करील. घ्यायचे की नाही तो तुमचा प्रश्न, पण माझी कळकळीची विनंती आहे की पैशांआधी तीन गोष्टी लेखी घ्या: छापखान्याचं नाव, सिलिंडर तुमच्या ताब्यात आणि पुन्हा हे न करण्याची हमी न्यायालयात नोंदवलेली. हे गुन्हे आपापसात मिटवता येत नाहीत, उच्च न्यायालयात संमतीने रद्द करून घ्यावे लागतात. त्यामुळे शेवटची सही तुमच्या हातात असते, ती स्वस्तात देऊ नका.

राहिला तुमचा मोठा प्रश्न, कायदे मोठ्यांसाठीच आहेत का. माझं प्रामाणिक मत असं आहे की सरकार जिथे दाद मागणारा संघटित आहे तिथे धावतं. चित्रपटांचं बघा. महाराष्ट्राने २००९ मध्ये व्हिडिओ पायरसी करणाऱ्यांना झोपडपट्टीदादा आणि हातभट्टीवाल्यांच्या रांगेत, स्थानबद्धतेच्या कायद्यात बसवलं. २०२३ मध्ये केंद्राने सिनेमॅटोग्राफ कायदा बदलून दंड चित्रपटाच्या निर्मिती खर्चाच्या ५ टक्क्यांपर्यंत नेला. बंदरांवर २००७ च्या नियमांनुसार कस्टम्स संशयित माल अडवतं, पण कोणासाठी? ज्याने आधी आपला ट्रेडमार्क त्यांच्या पोर्टलवर नोंदवून हमीपत्र भरलं आहे त्याच्यासाठी. २०१६ चं राष्ट्रीय धोरण आलं, पोलिसांसाठी माहितीपुस्तिका निघाल्या, प्रशिक्षणं झाली. हे सगळं खरं काम आहे, मी त्याचा फायदा घेतलेला आहे.

दुसरीकडे हापूस. २०१८ पासून त्याला भौगोलिक मानांकन आहे, म्हणजे ते नाव ठरलेल्या भागातल्या मालालाच लावता येतं; इथे रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड, ठाणे आणि पालघर एवढ्याच जिल्ह्यांसाठी. खोटं मानांकन लावायची शिक्षा ट्रेडमार्कइतकीच आहे. तरी दर मोसमात परराज्यातला आंबा ‘देवगड’ छापलेल्या पेटीत विकला जातो. बागायतदाराला झाडावर लक्ष ठेवायचं की वाशीच्या बाजारात पंचनामे करायचे? कोल्हापुरी चपलेचंही तसंच. २०२५ मध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये तशीच चप्पल दिसली, आपल्याकडे संताप झाला, जनहित याचिका झाली आणि मुंबई उच्च न्यायालयाने ती फेटाळली. याचिकाकर्ते मानांकनाचे नोंदणीकृत मालक नव्हते, दाद मागायची तर मालकाने मागावी, एवढं साधं कारण. कायदा म्हणून ते बरोबरच आहे. पण चप्पल शिवणाऱ्याच्या वतीने उभं राहणारं कोणी नेहमी जागं असेल अशी व्यवस्था आपण अजून केलेली नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

तुम्ही हळदही विकता असं लिहिलं आहे. पाकिटावर ‘सांगली हळद’ छापत असाल तर त्यालाही मानांकन आहे, अधिकृत वापरकर्ता म्हणून नोंदणी करून घ्या. २०२० पासून त्या अर्जाची फी फक्त १० रुपये आहे.

तुमच्या हाती नोंदलेला ट्रेडमार्क आहे, म्हणजे तुम्ही या रांगेत बऱ्याच पुढे आहात. मला एकच गोष्ट कळवा. पाकीट हुबेहूब आहे असं तुम्ही लिहिलंत, तर तुम्ही आजवर छापखाना किती वेळा बदलला आणि जुने सिलिंडर आज कुठे आहेत? आठवत नसेल तर जुनी बिलं काढा, त्यावर सिलिंडरची संख्या आणि रंग लिहिलेले असतात. त्या छापखान्याला एवढ्यात फोन करू नका. आधी बिलं माझ्याकडे पाठवा.